सात नंबर लाँचची कच्ची वही

१

वही गेली बुधवारी सकाळी, आणि गेली ती कुलूपबंद पेटीतून. कुलूप जागच्या जागी, किल्ली जागच्या जागी. पेटीतली पांढरी टोपी, पितळी शिट्टी, एका डोळ्याची दुर्बीण, कशालाही हात लागलेला नव्हता. मेणकापडात गुंडाळलेली वही तेवढी नाहीशी झाली होती.

गुरुवारी सकाळी रुचिका सुलोचनाबाईंच्या दारात येऊन उभी राहिली, तेव्हा बाई सूप घेऊन लाखोरीची डाळ निवडत होत्या. रुचिका म्हणजे वासुदेवराव तांडेलांची नात. भंडाऱ्याच्या कॉलेजात इतिहास शिकते. एरवी तोंडाचा पट्टा बंद न होणारी ही पोरगी आज गप्प उभी होती आणि तिचे डोळे रडून सुजले होते.

"आजी, घरी चाला ना. आजोबा कालपासून जेवले नाई. वही सापडूनच नाई राहिली."

सुलोचनाबाईंनी सूप बाजूला सारलं आणि चपला पायात घातल्या. अड्याळच्या पोस्टात अडतीस वर्षं खिडकीमागे बसून त्या निवृत्त झाल्या होत्या. कोणाचं पत्र आलं की कोणाचा चेहरा पडतो हे त्यांना तोंडपाठ. नोकरी संपली तरी ही विद्या कुठं संपते? मग गावानं हरवलेल्या वस्तू शोधायचं काम त्यांच्या गळ्यात टाकलं. दोन वर्षांपूर्वी देवळातली घंटा त्यांनीच शोधून दिली, आणि ती ज्याच्या घरात निघाली त्याचं नाव बाईंनी अजून कोणाला सांगितलेलं नाही. म्हणून तर लोक त्यांच्याकडे येतात.

वासुदेवरावांना सगळा गाव तांडेल म्हणतो. समुद्र इथून आठ-नऊशे किलोमीटरवर. गावात पाणी म्हणजे एक तलाव आणि पलीकडे वैनगंगा. पण नदीकाठच्या कारध्याला मामाकडे पुरात डोंगा, म्हणजे लहान होडी, चालवायला शिकलेला हा शेतकऱ्याचा पोर साठ वर्षांपूर्वी कस्टमच्या गस्तीच्या लाँचवर खलाशी म्हणून लागला आणि पुढं तांडेल झाला. लाँच कुठं न्यायची, कशी न्यायची हे सांगणारा तो तांडेल, आणि तो सांगेल तसं चाक फिरवणारा तो सुकाणी. आता तांडेलांचं वय ब्याऐंशी.

तांडेलांच्या घरी पोचल्यावर बाईंनी आधी पेटी पाहिली. वही ज्या कोपऱ्यात असायची तिथं कडुनिंबाच्या पाल्याचा थर असायचा. वासुदेवरावांच्या पत्नी ललिताबाई दर महिन्याला तो बदलायच्या, कसर लागू नये म्हणून. बाकी सगळ्या पेटीत पाला होता. त्या कोपऱ्यात मात्र एक पानसुद्धा नव्हतं.

"किल्ली कुठं राहते?"

"आजोबाच्या करदोड्याले," रुचिका म्हणाली. "आंघोळीच्या वेळेस काढून खुंटीवर टांगते. तेवढंच."

बाहेरच्या माणसाला खुंटी माहीत असायचं कारण नव्हतं. चोर या घरात जेवणारा होता, नाही तर निदान चहा पिणारा तरी होता.

२

वासुदेवराव ओसरीवर खुर्चीत बसले होते. अंगावर शाल, पुढं निवून साय आलेला चहा.

"पोस्टबाई, तुम्ही आले, बरं झालं," ते म्हणाले. "बुधवारी सकाळी चहा पिऊन राहिलो होतो तवा वही माह्या मांडीवर होती. मंग पेटीत ठेवली, कुलूप लावलं, आंघोळीले गेलो. नऊला शेजारचा तुलाराम आला, त्याले एक पान दाखवाव म्हणून पेटी उघडली, तं वही नाई."

"त्या वहीत असं काय आहे, तांडेल?"

वासुदेवरावांनी चहाचा कप बाजूला सारला. मग हळूहळू सांगायला लागले. लाँचवर दोन वह्या असत. कच्ची वही सुकाणाजवळ. तिच्यात जे झालं ते त्याच मिनिटाला लिहायचं. खोडायचं नाही, पान फाडायचं नाही. चुकलं तर त्याच्यावर एक रेघ मारायची आणि बाजूला सही करायची. बंदरात आल्यावर साहेब तिच्यावरून पक्की वही लिहीत. पक्की वर जायची, कच्ची रद्दीत.

"तुमची रद्दीत गेली नाई?"

"मी उचलली. शहात्तर सालची गोष्ट. सोनं घेऊन येणाऱ्या एका गलबतामागं आम्ही लागलो होतो. पहाटेची वेळ, खाडीचं तोंड. चार घंट्याआधी आम्ही त्याच जागेवरून गेलो होतो, पाणी भरपूर होतं. मी म्हटलं, डावीकडं घे, मधातून काप. सुकाणावर धाकू होता, रत्नागिरीकडचा. तो म्हणे, तांडेल, ओहोटी लागली, पुढं वाळू आहे. मी म्हटलं, आत्ताच तं गेलो आपण इथून." वासुदेवरावांनी शाल सावरली. "बाई, वैनगंगेत सकाळी जिथून डोंगा जाते तिथून दुपारीही जाते. नदीचं पाणी समुद्रासारखं सहा घंट्यात उतरते कुठं? अकरा वर्षं समुद्रावर काढले होते मी. पण घाईत माणूस लहानपणी शिकलेलंच बोलते. लाँच रुतली. गलबत डोळ्यासमोरून निघून गेलं."

"अन् मंग?"

"कोणीतरी बोललं का सुकाण्यानं पैसे खाल्ले, मुद्दाम वाळूत घातली. साहेबायले ते सोपं पडलं. पक्क्या वहीत लिवलं, सुकाण्यानं हुकुमाशिवाय चाक फिरवलं. खाली माही सही मांगतली. मी केली. धाकूले काढून टाकलं. कच्च्या वहीत माह्याच हातचं खरं लिवलेलं होतं, आज्ञा तांडेलाची म्हणून. पन्नास साल झाले, मी ते पान कोणाले दाखवलं नाई."

सुलोचनाबाईंना जुनी पत्रं आठवली. नोकरीवरून वासुदेवरावांची पत्रं यायची ती वर्षानुवर्षं त्यांनीच ललिताबाईंना वाचून दाखवली होती, कारण ललिताला जेमतेम सही करता यायची. त्या पत्रांत वारा असायचा, मासे असायचे, सुट्टीची तारीख असायची. सात नंबर लाँच कधी नसायची. तेव्हा त्यांना वाटायचं, हा माणूस विसराळू आहे.

"धाकू गेला त्याले तीस साल झाले. त्याच्या पोरीचा पत्ता मी पावसाळ्यात शोधला. सुगंधा नाव तिचं. शनिवारी अकराच्या बसनं येऊन राहिली. तिच्या गावात अजून तिच्या बापाले चोर म्हणतात, बाई. वही तिच्या हातात देल्ली का माही लाँचवरची पाळी संपली. मंग मी सुटलो."

दाराशी ललिताबाई उभ्या होत्या. त्यांनी निवलेला कप उचलला आणि आत गेल्या.

"ती काळजी करते माही," वासुदेवराव म्हणाले. "म्या सगळं निपटवून ठेवलं आहे. घड्याळ रुचीले देल्लं, शेतीचे कागदं पोराले, हेमराजले देल्ले, लाँचवरचा कोट काढून धुवायले देल्ला. एवढी वही राहिली होती. अन् तीच गेली."

शनिवारला दोन दिवस उरले होते.

३

घरात येणारी-जाणारी माणसं किती? बायको ललिताबाई, मुलगा हेमराज, नात रुचिका, आणि रोज नवाच्या ठोक्याला चहाला येणारा शेजारी तुलाराम. सुलोचनाबाईंनी एकेकाला गाठलं.

हेमराज झेडपीच्या शाळेत मास्तर. सव्वीस जानेवारीला ग्रामपंचायत वासुदेवरावांचा सत्कार करणार होती, आणि भाषण हेमराजनंच लिहून ठेवलं होतं. त्याला वहीबद्दल विचारलं तर तो आधी खडू झटकत राहिला.

"काकू, तुमच्यापाशी कायले लपवू? रविवारी मी वही पवनीले नेली, झेरॉक्स काढाव म्हणून. दुकानात उभ्या उभ्या ते पान वाचलं, अन् झेरॉक्स न काढताच परत आलो. बाबूजीले म्हटलं, सव्वीस तारखेपर्यंत थांबा, सत्कार होऊ द्या, मंग काय सांगाचं ते सांगा."

"ते काय म्हणाले?"

"म्हणे, सत्काराआधीच सांगतलं पाहिजे, नाई तं ती दुसरी खोटी सही होईन." हेमराजनं मान खाली घातली. "मले राग आला होता, हे खरं. पण मी मंगळवारी-बुधवारी भंडाऱ्यात ट्रेनिंगले होतो. हजेरी आहे तेथी."

हजेरी होती. बाईंनी फोन करून विचारूनही घेतलं.

रुचिका बुधवारी सातच्या बसनं कॉलेजला गेली होती, हे कंडक्टरपासून सगळ्यांना माहीत होतं. तिला तर वही हवीच होती. कस्टमच्या गस्ती नौकांवर ती प्रकल्प लिहीत होती आणि त्याविषयी बोलताना आपण रडत होतो हेही विसरली.

"आजी, इंग्रजाच्या काळात तं वल्ह्याच्या होड्या होत्या. मिठाच्या चोरीवर नजर ठेवाले. मंग डिझेलच्या लाँच आल्या. आमची सात नंबरची तं मुळात चोर लोकायचीच होती! पकडली, राखी रंग देल्ला, अन् चोराच्याच मागं लावली. पुढं तटरक्षक दल आलं, मोठे जहाजं आले, अन् या लहान लाँच कोणाच्या ध्यानात नाई राहिल्या. त्यायचे लोकं पण नाई राहिले. एक आजोबाच आहेत." मग ती थांबली. "आठ-दहा पानायचे फोटो काढले मी. ते पान नाई काढलं. आजोबा म्हणे, ते आधी सुगंधाताईनं पाहाचं."

राहिला तुलाराम. आठवड्याभरापूर्वी भर पारावर तो म्हणाला होता, "जाळून टाक ते वही, वासुदेवा. मेलेलं उकरून काय भेटते?" हे चौघांनी ऐकलं होतं. आणि बुधवारी आंघोळीच्या वेळी ओसरीवर येऊन बसायला त्याला कोणी अडवलं नसतं.

"हाव, म्हणलं मी जाळ म्हणून," तुलाराम म्हणाला. त्याला लपवाछपवी जमतच नाही. "मले त्याची दया येते. रात्रंदिवस तेच घेऊन बसते. पण मी नऊलाच आलो, बाई. नऊच्या आधी तं माहे गुडघे मले उठू नाई देत."

बाईंनी त्याच्या गुडघ्यांकडे पाहिलं आणि त्या निंबाच्या पाल्याचा विचार करू लागल्या. जाळायला वही नेणारा माणूस पेटीच्या तळाचा पाला कशाला वेचून नेईल? पाला तोच नेईल, ज्याला ती वही पुढंही टिकायला हवी आहे. तुलाराम त्यात बसत नव्हता. खरं तर तिघांपैकी कोणीच बसत नव्हतं.

दुपारी ललिताबाईंनी त्यांना जेवायला बसवलं. वांग्याची भाजी, वरण, भात. एकाच वर्षी दोघी या गावात सुना म्हणून आल्या होत्या. ललिताच्या हातचा भात बाईंच्या ओळखीचा होता. गेल्या सालचा चिन्नोर तांदूळ, शीत न् शीत मोकळं. वासुदेवरावांच्या पोटाला नवा तांदूळ सोसत नाही, म्हणून या घरात होळीपर्यंत नव्या तांदळाला कोणी हात लावत नाही. गावात नवीन भाताची हौस सगळ्यांना, पण ललितानं कधी हा नेम मोडला नव्हता.

आज पानात पडला तो गिचका गोळा होता.

"काय वं ललिता, नवा तांदूळ?"

"जुना संपला," ललिताबाई म्हणाल्या आणि वरण आणायला आत गेल्या.

रुचिकानं घास हातातच धरला. "संपला? रविवारी तं मीच काढला ना आजी. अर्धी कोठी होती."

४

शुक्रवारी सकाळी सुलोचनाबाई पुन्हा गेल्या. ललिताबाई तलावावर कपडे धुवायला गेल्या होत्या. बाई सरळ स्वयंपाकघरामागच्या अंधाऱ्या खोलीत शिरल्या.

तिथं मातीच्या दोन कोठ्या होत्या. नव्या तांदळाची उघडी होती, तिच्यावर नुसतं ताट झाकलेलं. जुन्या तांदळाच्या कोठीचं झाकण मात्र शेणामातीनं लिंपून टाकलेलं होतं. कडेला बोट लावलं तर लिंपण अजून ओलसर लागलं.

बाई तिथंच पाटावर बसल्या. दार, खिडकी, कोठी, सगळं ओळखीचं होतं, आणि त्यांना उठावंसं वाटेना. रोज उघडायची कोठी कोणी लिंपतं का? लिंपायची ती पावसाळाभर ठेवायच्या धान्याची, किडा-मुंगी, ओल जाऊ नये म्हणून. आणि ललिता म्हणते तसा तांदूळ संपला असेल, तर रिकामी कोठी कोण लिंपत बसेल? तिच्यात काहीतरी होतं. ते जपायचं होतं, आणि कोणाचा हात तिथं जाऊ द्यायचा नव्हता. म्हणून लिंपण, म्हणून निंबाचा पाला, म्हणून नवा तांदूळ. दुसऱ्या कोणाला चोरी करायची असती तर त्यानं वही गवताच्या गंजीत नाही तर गाठोड्यात खुपसली असती. हातात आलेली चीज जपून ठेवायची म्हणजे पाला घालून कोठीत लिंपायची, हे साठ वर्षं घर सांभाळलेल्या बाईलाच सुचणार. तिची चूकही तीच होती, त्या जपण्यानंच ती ओळखू आली.

दारात सावली पडली. ललिताबाई पिळलेल्या लुगड्याचा पिळा हातात धरून उभ्या होत्या.

"मी उघडली नाई," सुलोचनाबाई म्हणाल्या.

ललिताबाई खाली बसल्या. कपडे मांडीवरच राहिले आणि त्यांचं पाणी जमिनीवर ठिबकत होतं.

"सुलोचना, डॉक्टर म्हणते, यायचं दिल लई कमजोर झालं, कशावर चालून राहिलं समजत नाई. मले समजते. त्या वहीवर चालून राहिलं. पन्नास साल हा माणूस त्या वहीसाठी जित्ता आहे. त्या वर्षी सुट्टीत घरी आले तवाच मले सगळं सांगतलं होतं. मी म्हणलं, देऊन टाका कोणाले. म्हणे, हिंमत नाई. आता हिंमत आली. घड्याळ देल्लं, कागदं देल्ले, कोट धुतला. रोज म्हणते, वही देल्ली का मी सुटलो, वही देल्ली का मी सुटलो. ते सुटतीन. अन् मी?"

सुलोचनाबाई पाटावरून सरकून तिच्याजवळ बसल्या.

"अर्धा जलम समुद्रानं नेला त्यायचा. मी इकडं रोवणे केले, कापणी केली, तुह्याकून पत्रं वाचून घेतले. आता कुठं घरी आहेत. मले अजून पाहिजे, सुलोचना. एवढंच."

बाईंनी तिच्या मांडीवरचे ओले कपडे उचलून बादलीत टाकले आणि तिचा गार पडलेला हात हातात धरला. या बाईचा नवरा खिडकीपलीकडच्या पाकिटांत राहत होता तेव्हापासून त्यांना ती माहीत होती. तिच्यावर रागवायचं कसं?

"पण दोन दिवस झाले, ललिता. घास नाई गिळला त्यायनं. वही देल्ल्यानं जातीन म्हणून तू लपवली, अन् ते वहीवाचून चालले."

ललिताबाई रडू लागल्या. आवाज न करता, पदर तोंडात धरून.

"अन् ती पोरगी," सुलोचनाबाई म्हणाल्या. "बापाचं नाव घ्यायले येऊन राहिली. तिलेही बाप एकच होता. मी कोणाले सांगत नाई. लिंपण तुह्या हातचं आहे, तूच पाहा."

त्या घरी गेल्या, आणि त्या दिवशी त्यांनाही जेवण गेलं नाही.

५

अकराची बस साडेअकराला आली. सुगंधा पंचावन्नच्या आसपासची, बारकी, उन्हानं रापलेली बाई. दोन बस आणि एक रेल्वे बदलून आली होती. हातात आमसुलांची पिशवी.

वासुदेवराव धुतलेला कोट घालून ओसरीत उभे होते. हेमराजनं धरायला हात पुढं केला, तो त्यांनी बाजूला सारला. तुलाराम भिंतीला टेकून बसला होता, रुचिका उंबऱ्यावर, आणि ललिताबाई आतल्या दाराशी.

"पोरी, वही नाई," वासुदेवराव म्हणाले. "माह्या घरून गेली. तू एवढ्या दुरून आली अन् माह्यापाशी दाखवायले कागद नाई. पण कागदात होतं ते मी या सगळ्यायसमोर तोंडानं सांगतो. लाँच डावीकडं घे म्हणून तुह्या बापाले मी सांगतलं. त्यानं मले अडवलं होतं. तो खरा होता, मी चुकलो. अन् मंग खोट्यावर सही केली, तीही मीच. धाकूनं एक पैसा खाल्ला नाई."

सुलोचनाबाईंची नजर ललिताबाईंवर होती. आणि ललिताबाई नवऱ्याच्या छातीकडे पाहत होत्या, एकटक. कोट वर-खाली होत होता. बोलून झालं होतं, पन्नास वर्षांचं ओझं उतरलं होतं, आणि म्हातारा उभा होता.

ललिताबाई आत वळल्या. थोड्या वेळानं वाळलेलं लिंपण फुटल्याचा आवाज आला. त्या बाहेर आल्या तेव्हा हातात मेणकापड होतं आणि कोपरापर्यंत तांदळाची भुकटी. त्यांनी वही वासुदेवरावांना दिली नाही. सरळ सुगंधाच्या हातात ठेवली.

"मीच ठेवली होती," त्या म्हणाल्या. "यायले काही होईन म्हणून भेव लागलं. तुह्याशी माहं काही वैर नाई, बाई."

सुगंधानं पान उघडलं. बोट अक्षरांवरून फिरवत ती मोठ्यानं वाचू लागली. "पहाटे चार पन्नास. सुकाणी धाकू सांगतो, ओहोटी लागली, पुढे वाळू. डावीकडे वळण्याची आज्ञा. आज्ञा तांडेलाची." ती थांबली. "बाबानं कोणाला दोष दिला नाही कधी. एवढंच म्हणायचा, तांडेल नदीचा माणूस होता, त्याला मी जोरानं सांगायला हवं होतं."

वासुदेवराव खुर्चीत बसले आणि दोन्ही हातांनी तोंड झाकून घेतलं. सुगंधानं त्यांना रडू दिलं.

मग ती वहीची मागची पानं चाळायला लागली. एक, दोन, दहा. तिचा चेहरा बदलत गेला.

"हे काय? प्रत्येक पानावर आहे. सुकाणावर धाकू. सुकाणावर धाकू. इथं पण." तिनं वर पाहिलं. "मी त्या एका पानासाठी आले होते. त्याचा फोटो काढून गावच्या देवळात लावणार आहे मी, येणाऱ्या-जाणाऱ्याला दिसेल असा. पण माझ्याकडे बाबाचा एक फोटो सोडला तर काही नाही हो. इथं तर बाबा रोज आहे. नि मला हे वाचता येत नाही. उ. प. वारा म्हणजे काय? दोन पडाव तपासले, म्हणजे काय केलं? ह्या इथं लिहिलंय, धाकूने गाणे म्हटले. कुठलं गाणं?"

वासुदेवरावांनी तोंडावरचे हात काढले.

"ते... ते लंबं आहे, पोरी. त्या दिवशी इंजिन बंद पडलं होतं. सगळे घाबरलेले. मंग धाकू काय करते..." ते एकदम थांबले, आणि हसले. "दोनशे पानं आहेत. एका दिवसात नाई होत."

"मग रोज थोडं थोडं सांगा. मी राहीन. घरी मुलगा-सून आहेत, माझ्यावाचून काही अडत नाही."

वहीच्या घडीत तांदळाचे दाणे अडकले होते. वासुदेवरावांनी एक दाणा चिमटीत उचलला, त्याच्याकडे पाहिलं, मग ललिताबाईंकडे पाहिलं. लग्नाला साठेक वर्षं व्हायला आली होती, आणि तो माणूस सगळ्यांसमोर बायकोशी इतक्या हळू आवाजात बोलताना कोणी ऐकलं नव्हतं.

"ललिता, पाळी संपली म्हणलं होतं मी. ते चुकलं. त्याच्यावर एक रेघ मारतो, अन् सही करतो."

ललिताबाईंनी डोळे पुसले, त्यानं भुकटी गालाला लागली.

"ऱ्हा वं तू, होळीपर्यंत ऱ्हा," त्या सुगंधाला म्हणाल्या. "जुना तांदूळ होळीपर्यंत पुरते आमच्याकडं."

"आई," हेमराज म्हणाला, "तू तं म्हणे संपला?"

सुलोचनाबाईंनी त्याला डोळ्यांनीच गप्प केलं आणि जेवणाची पानं मांडायला उठल्या.